तोमोयासू होतेई: 'किल बिल'च्या ट्यूनपलीकडे काय ऐकावं?

रिफवेडा
मंडळी, 'बॅटल विदाउट ऑनर ऑर ह्युमॅनिटी' ही ट्यून गिटारवर बसवतोय. 'किल बिल'मध्ये लूसी ल्यू टोळीसकट हॉटेलात शिरते तेव्हा वाजते तीच. सूर बरोबर लागतात, पण दरारा काही येत नाही. ट्यूनचा मालक तोमोयासू होतेई म्हणे जपानमध्ये सुपरस्टार आहे आणि सिनेमांतही कामं करतो. हा नक्की गिटारवाला की नट? आणि सुरुवात कुठून करू?

टेलीकास्टरकाका
गिटारवाला रे, शंभर टक्के. सिनेमा नंतर आला. सहा फुटांच्या वर उंची, तुटक हालचाली; असा माणूस कॅमेऱ्यासमोर नुसता उभा केला तरी निम्मं काम होतं.

जन्म १९६२, गाव ताकासाकी. त्याच गावच्या क्योसुके हिमुरोबरोबर त्याने बोवी हा बँड काढला. गाणार हिमुरो, गिटार होतेईची. ऐंशीच्या दशकात या बँडने जपानी रॉकचा नूर पालटला आणि अगदी शिखरावर असताना दुकान बंद केलं. एप्रिल १९८८ मध्ये नव्याकोऱ्या टोक्यो डोममध्ये शेवटचे दोन कार्यक्रम झाले. त्याच वर्षी होतेईचा पहिला सोलो अल्बम 'गिटारिझम' आला. तो लंडनच्या ॲबी रोड स्टुडिओत रेकॉर्ड केलेला, गाणी इंग्रजीत. पुढे गायक कोजी किक्कावाबरोबर कॉम्प्लेक्स ही जोडी जमवली, तीही लवकरच मोडली. मात्र २०११ च्या भूकंप-त्सुनामीनंतर दोघं मदतनिधीसाठी टोक्यो डोममध्ये पुन्हा एकत्र आले. जपानच्याच नोतो भागातल्या भूकंपानंतर २०२४ मध्येही आले. एरवी तोंड फिरवलेली माणसं गावच्या अडचणीला धावतात, त्यातला प्रकार.

आता तुझी ट्यून. ती 'किल बिल'च्या दिग्दर्शकासाठी, टारांटिनोसाठी, केलेलीच नाही! २००० साली जुंजी साकामोतोने एक याकुझापट (जपानी गुंडटोळ्यांचा सिनेमा) काढला. त्यात एक मित्र टोळीत, दुसरा कोरियन वंशाचा व्यावसायिक. हा दुसरा म्हणजे स्वतः होतेई, आणि ट्यून त्या सिनेमाची. 'किल बिल' २००३ चा. जग तिला लूसी ल्यूची म्हणून ओळखतं, याचं मला जरा वाईट वाटतं.

कटाना_कोथरूड
'सामुराई फिक्शन' (१९९८) राहिला की काका! जवळजवळ सगळा कृष्णधवल, माणूस मेला की पडदा लालभडक. होतेई त्यात घराण्याची तलवार पळवणारा काझामात्सुरी झालाय. संगीतही त्याचंच: सामुराईपट आणि मागे इलेक्ट्रिक गिटार. शुद्ध जपानी पोशाखीपट हवा असेल त्याने वाटेला जाऊ नये. मला जाम आवडला.

टेलीकास्टरकाका
मान्य. त्यात तो फार बोलत नाही, ते बरंच आहे.

शांत_श्रोता
टोक्यो पॅरालिम्पिकचं उद्घाटनही बघा (२०२१ मध्ये झालं). दिव्यांनी मढवलेला ट्रक येतो, त्यात होतेई गिटार वाजवतोय, सोबत दिव्यांग वादक. आमच्या घरी जपानी संगीताशी कुणाचा संबंध नाही, तरी सगळे टीव्हीसमोर खिळले होते.

रिफवेडा
भारी! पण काका, माझ्या दराऱ्याचं काय?

टेलीकास्टरकाका
डिस्टॉर्शन, म्हणजे गिटारच्या आवाजातली ती खरखर, कमी कर. तुम्ही पोरं पहिल्यांदा तेच वाढवता. होतेईची सगळी गंमत उजव्या हातात आहे. डाव्या हाताने तारा दाबून लगेच सैल सोडायच्या, उजवा मात्र थांबवायचा नाही, म्हणजे सुरांच्या मध्ये नुसती 'चक-चक' ऐकू येते. याला कटिंग म्हणतात. ड्रमवाल्याचं अर्धं काम तिथेच होतं. शिवाय मूळ ट्यूनमध्ये ब्रासचा, म्हणजे ट्रम्पेटसारख्या पितळी वाद्यांचा, ताफा आहे, तो तुझ्या एकट्याच्या गिटारीतून येणार नाही. तेव्हा बाकीच्या वाद्यांचा ट्रॅक लावून त्यावर वाजव. आधी बोवीचं 'मॅरिओनेट' ऐक आणि फक्त गिटारकडे कान दे. सोलो नंतर बघू.