टाइलची धारदार कड घासायचीय, धूळ न उडवता कसं करू?

मंडळी, मदत हवी आहे. आम्ही इंदूरला रामबागेत राहतो, मागच्या महिन्यात मोरीत नवीन टाइल्स बसवल्या आणि मिस्त्री नळाजवळची कापलेली कड तशीच सोडून गेला, इतकी धारदार की परवा बादली उचलताना आईचा अंगठाच कापला, चांगलं रक्त आलं. फोन केला तर म्हणतो ग्राइंडर फिरवून देतो, पाच मिनिटांचं काम. पण कोरडं घासलं की जी पांढरी पूड उडते ना त्यात सिलिका असते, बारीक कण फुफ्फुसात जाऊन बसतात, आणि बाबांना आधीच दमा आहे, म्हणून मी नको म्हटलं. साध्या ग्राइंडरवर पाणी मारायचं तर शॉकची भीती.

म्हणून हातानेच करीन म्हणते, डायमंडचा हॅंडपॅड (हिऱ्याचे बारीक कण लावलेला, हाताने घासायचा पॅड) पाण्यात भिजवून, एन-95 मास्क आणि चष्मा लावून, आणि जो चिखल निघेल तो वाळायच्या आत फडक्याने पुसून घ्यायचा.

आता सांगा, 60 ग्रिटने (ग्रिट म्हणजे पॅडचा खरखरीतपणा, आकडा लहान तितका जास्त खरखरीत) सुरू करू की सरळ 200 ने? टाइल चकचकीत आहे, ग्लेझचे टवके उडू नयेत म्हणून पॅड कोणत्या दिशेने फिरवायचा? आणि असा पॅड इथल्या सियागंज बाजारात सुटा मिळतो का? कुणी स्वतः केलं असेल तर प्लीज सांगा, आई रोज तिथेच कपडे धुते.