'गोजिरा' (१९५४): सेरिझावाने कागद जाळले ते योग्य होतं का?

निशाचर:
इशिरो होंडाचा मूळ जपानी 'गोजिरा' (म्हणजे गॉडझिला) हा चित्रपट परवा पुन्हा पाहिला. हायड्रोजन बाँबच्या चाचण्यांमुळे समुद्रातून उठलेल्या त्या अजस्र प्राण्यापेक्षा त्यातला शास्त्रज्ञ डॉ. सेरिझावाच डोक्यातून जात नाही. प्राणवायूवर संशोधन करता करता त्याच्या हाती पाण्यातली सगळी जीवसृष्टी संपवणारं 'ऑक्सिजन डिस्ट्रॉयर' लागतं. टोकियो बेचिराख झाल्यावर ते एकदाच वापरायला तो तयार होतो, पण आधी सगळी टिपणं जाळतो आणि समुद्राच्या तळाशी स्वतःची दोरी कापतो. माझ्या मते त्याने केलं तेच बरोबर. असलं अस्त्र राजकारण्यांच्या हाती पडलं की काय होतं, हे हिरोशिमानंतरच्या जपानी माणसाला कोणी शिकवायला नको.

रानवारा:
नाही पटत. कागद जाळून ज्ञान जळत नाही. आज त्याला सापडलं, उद्या दुसऱ्याला सापडेल, आणि तेव्हा त्यावर तोड काढणारा कोणी नसेल. याच चित्रपटात संसदेतलं दृश्य आठवा. गोजिराचा हायड्रोजन बाँबशी असलेला संबंध दडवा म्हणणारा खासदार, आणि खरं काय ते जाहीर कराच म्हणून उसळलेल्या बायका. तिथे आपण त्या बायकांच्या बाजूने असतो ना? मग सेरिझावाला वेगळा न्याय का?

निशाचर:
धोका सांगणं वेगळं आणि कृती लिहून देणं वेगळं. १ मार्च १९५४ ला अमेरिकेने पॅसिफिक महासागरातल्या बिकिनी बेटांवर हायड्रोजन बाँबची चाचणी केली आणि 'दाइगो फुकुर्यू मारू' या मासेमारी बोटीवरच्या २३ जणांवर किरणोत्सारी राख पडली. रेडिओ ऑपरेटर कुबोयामा सप्टेंबरात वारले, चित्रपट नोव्हेंबरात लागला. सुरुवातीलाच बोटीसमोर तो लख्ख उजेड दिसतो तेव्हा थिएटरातल्या प्रत्येकाला काय आठवलं असेल! त्या मच्छीमारांना राखेबद्दल कळायला हवं होतं. बाँब कसा बनवतात ते कळून त्यांचं काय भलं होणार होतं?

ओंजळ:
तुम्ही दोघं एमिकोला विसरलात, सेरिझावाशी जिचं लग्न ठरलेलं असतं तिला. सेरिझावाने तिला प्रयोग दाखवला आणि गप्प राहण्याचं वचन घेतलं. त्यानंतर टोकियो जळलं. ती आई आठवा, लेकरांना कवटाळून 'आता बाबांकडे जायचं' म्हणणारी. जखमी मुलं पाहून एमिकोने वचन मोडलं, म्हणून पुढचं सगळं घडलं. तो गप्प बसला त्याची किंमत इतरांनी मोजली. मला त्याचं बलिदान भिडतं, पण ते मौन माफ करवत नाही.

निशाचर:
मौनाबद्दल मान्य. तिथे तो चुकलाच. जाळण्याबद्दल मात्र मत तेच.

रानवारा:
शेवटी एमिकोचे वडील, जीवाश्मतज्ज्ञ डॉ. यामाने म्हणतात की हा शेवटचा गोजिरा असेल असं वाटत नाही. दुसरा आला तर हातात काय उरलं?

निशाचर:
त्यांचं पुढचं वाक्यही घ्या. त्यात 'चाचण्या चालूच राहिल्या तर' अशी अट आहे.