मूकपटातला विनोदी नायक घडवला कोणी: लिंडरने की चॅप्लिनने?

पडदाप्रेमी:
मूकपटातल्या विनोदाचा विषय निघाला की गाडी थेट चॅप्लिनवर येऊन थांबते. माझ्या मते पहिला मान मॅक्स लिंडरचा. चॅप्लिनचं गाजलेलं पात्र, 'भटक्या' (ट्रॅम्प), पडद्यावर आलं फेब्रुवारी १९१४ मध्ये. त्याच्या कितीतरी आधी पाते या फिल्म कंपनीच्या फिल्म्समधून या फ्रेंच नटाचा 'मॅक्स' युरोपभर पोचला होता. उंच रेशमी टोपी, छडी, कोरलेली मिशी. बाकीचे पळापळ आणि आपटाआपटी करत होते. हा आपली अब्रू सांभाळायला धडपडायचा आणि तिथेच हसू फुटायचं.
'सेव्हन इयर्स बॅड लक' (१९२१) मधला आरसा आठवा. नोकराच्या हातून आरसा फुटतो, म्हणून रिकाम्या चौकटीमागे मॅक्ससारखा दिसणारा स्वयंपाकी उभा राहतो. मॅक्स जे करेल ते तोही करतो. एकही शब्द नाही, नुसतं अंगाचं गणित!

साधा_प्रेक्षक:
आधी आला म्हणून घडवला असं कसं? मॅक्सच्या घरात नोकरचाकर. त्याचं बिघडून काय बिघडणार, एखादं लग्न? भटक्याची पँट ढगळ, बूट मापापेक्षा मोठे, तरी डोक्यावर टोपी आणि हातात छडी. त्या विसंगतीतच अख्खा माणूस दिसतो.
'द पॉनशॉप' (१९१६) बघा. चॅप्लिन गहाणवटीच्या दुकानात नोकर आहे. गिऱ्हाईक गजराचं घड्याळ गहाण टाकायला येतं. चॅप्लिन घड्याळाला स्टेथोस्कोप लावतो, मग डबा फोडायच्या ओपनरने उघडतो, आतलं सगळं बाहेर काढतो, तुकडे गिऱ्हाइकाच्याच टोपीत भरतो आणि मान हलवतो: नाही घेत!

पडदाप्रेमी:
प्रसंग अफाट आहे, वादच नाही. पण तिथे चॅप्लिन काउंटरच्या आत आहे आणि गरजू आहे तो घड्याळवाला. ही डॉक्टरी ऐट लिंडरच्या घराण्यातली. चॅप्लिनने स्वतः आपल्या फोटोवर लिंडरला गुरू आणि स्वतःला शिष्य लिहून दिलंय.

रीळवाला:
दोघेही एक गोष्ट विसरताय. भटक्या पहिल्यांदा पडद्यावर दिसला त्या 'किड ऑटो रेसेस ॲट व्हेनिस' मध्ये मुलांच्या गाड्यांची खरी शर्यत चालू आहे आणि भटक्या सारखा कॅमेऱ्यासमोर येतो. मागची गर्दी खरी, त्याला न ओळखणारी. अनोळखी लोकांसमोर, कसलीही ओळख करून न देता ते पात्र उभं राहिलं.

साधा_प्रेक्षक:
हेच म्हणतोय मी! शिष्य असेल, पण हे धाडस गुरूकडून आलेलं नाही.

पडदाप्रेमी:
धाडस त्याचं, कबूल. टोपी-छडी आणि अब्रूची काळजी मात्र मॅक्सचीच. तेवढ्यावरून मी हटणार नाही.