'डुसलिगे कू'ला मराठीत काय म्हणावं?

पेठकर:
वोल्फगांग मेंगे (१९२४–२०१२) या जर्मन पटकथालेखकावर लेख लिहितोय. साठच्या दशकाच्या सुरुवातीला एडगर वॉलेसच्या रहस्यकथांवरचे चित्रपट, टीव्हीवर 'श्टालनेट्स' ही पोलिसी मालिका, अशी त्याची कारकीर्द. अडलोय १९७३ च्या 'आइन हेर्त्स उंट आइने झेले' या टीव्ही मालिकेपाशी. नावाचा अर्थ 'एकदिल, एकजीव', आणि घरात दिवसभर भांडणं! त्यातला तिरसट बाप आल्फ्रेड बायकोला ऊठसूट 'डुसलिगे कू' म्हणतो. शब्दशः 'बावळट गाय'. पण आपली गाय पडली गरीब. शिवीतला दमच जातो.

वऱ्हाडी_ठेचा:
'म्हैस' लिहा न भाऊ. आमची आजी 'ए म्हशे' म्हणायची, कोणाला टीप द्यावी लागत नव्हती.

रंकाळा:
म्हशीला नाव ठेवायचं काम नाही. कोल्हापुरात दिवाळीच्या पाडव्याला शिंगं रंगवून मिरवतो आम्ही तिला. गंगावेशीत उभ्यानं धारोष्ण दूध प्या, मग बोला.

शुद्धमती:
मुळात गाय असेल तर गायच लिहावी, खाली टीप द्यावी. भाषांतर म्हणजे जनावरांचा बाजार नव्हे. आणि 'टीव्ही' कशाला? दूरचित्रवाणी म्हणा.

म्युनिकची_माई:
शुद्धमतीताई, जर्मन लोक टीव्हीला 'फर्नझेएन' म्हणतात. 'दूर पाहणं'. म्हणजे आपलं दूरदर्शनच! शिवीबद्दल: इथे 'कू' बाईलाच म्हणतात, पुरुष असेल तर बैल होतो. जोर गायीवर नसून 'डुसलिग'वर आहे. 'डूझल' म्हणजे गुंगी, झापड.

वऱ्हाडी_ठेचा:
डूझल, डुलकी! एकच मूळ, पैज लावतो. ड्युसेलडॉर्फ म्हणजे डुलक्यांचं गाव.

म्युनिकची_माई:
पैज हरलात. ड्युसेल ही तिथली नदी आहे.

पेठकर:
'मठ्ठ' चालेल का? आल्फ्रेड बुटका, मिशी हिटलरसारखी, तेव्हाचा पश्चिम जर्मनीचा चॅन्सलर विली ब्रांट याच्या पक्षावर सतत आग पाखडणारा. मेंगे त्याची टर उडवत होता, पण काही प्रेक्षकांना तो मनापासून पटायचा. म्हणून शिवी फार विषारी नको, क्षुद्र हवी.

रंकाळा:
प्रेक्षकांचं काय घेऊन बसलात! याच मेंगेचा १९७० चा 'मिलिओनेनश्पील' हा टीव्हीपट घ्या. त्यातल्या काल्पनिक कार्यक्रमात सात दिवस मारेकऱ्यांना चुकवायचं, जगलास तर दहा लाख मार्क. कार्यक्रम खरा समजून काहींनी भाग घ्यायची तयारी दाखवली होती.

शुद्धमती:
विषय भरकटतोय. 'पटकथालेखक' की 'पटकथाकार', ते आधी ठरवा. कथा-कार तसा पटकथा-कार.

म्युनिकची_माई:
इथे पटकथेला 'ड्रेहबूख' म्हणतात. ड्रेहेन म्हणजे फिरवणं, पूर्वी कॅमेऱ्याची मूठ हातानं फिरवायचे त्यावरून.

वऱ्हाडी_ठेचा:
म्हणजे जात्याची मूठ! आपल्या मालिकांचं दळण तिकडूनच आलं तर.

पेठकर:
मंडळी, शिवी राहिली. 'मठ्ठ म्हैस' लिहून टाकतो. रंकाळा, माफी असावी.

रंकाळा:
माफी नाही. 'ठोंबी' लिहा, कोणाच्या गोठ्याला धक्का नको.

शुद्धमती:
'ठोंब्या'चं स्त्रीलिंग 'ठोंबी' होतं हे कोणी ठरवलं? आणि 'म्हशे' नव्हे, संबोधन 'म्हशी' असं होतं.

वऱ्हाडी_ठेचा:
आजी गेली हो ताई, नाहीतर तिलाच विचारलं असतं. ती तर 'म्हशे'च म्हणायची.