नेटकोडचा पॅच: खेळ जगवतो की कंपनीला सूट देतो?

फ्रेमवेडा
फायटिंग गेमला नव्या कॅरेक्टरपेक्षा नेटकोडचा (ऑनलाइन सामन्यात दोन खेळाडूंची मशिन जुळवून ठेवणाऱ्या भागाचा) पॅच, म्हणजे नंतर येणारी दुरुस्ती, जास्त मोलाचा, असं माझं ठाम मत आहे. 'मॉर्टल कॉम्बॅट एक्स' २०१५मध्ये आला तो डिले पद्धतीचा. समोरच्याचं बटण नेटवरून पोचेपर्यंत तुमचंही बटण अडवून धरायचं, नेट हललं की कॉम्बो, म्हणजे सलग फटक्यांची साखळी, तुटला. पुढच्या वर्षी पॅचमधून रोलबॅक आला. त्यात गेम थांबत नाही. समोरचा काय दाबेल याचा अंदाज धरून पुढे जातो, अंदाज चुकला तर काही फ्रेम (पडद्यावरची एकेक चित्रं) मागे जाऊन सुधारून घेतो. गेम तोच, पण हात मोकळे झाले!

कोपऱ्यात_अडकलेला
असहमत. 'स्ट्रीट फायटर ५' फेब्रुवारी २०१६मध्ये आला तो रोलबॅक घेऊनच. तरी एकाला सगळं सुरळीत आणि दुसऱ्याला समोरचा इकडून तिकडे उड्या मारताना दिसायचा, कारण दोन्ही मशिन एकमेकांच्या मागेपुढे पडायची. जानेवारी २०२०मध्ये एका चाहत्याने पीसीसाठी स्वतःच दुरुस्ती काढली. पण ती फक्त एकाने टाकली तर दुसऱ्याचे हाल वाढायचे. गेम बनवणाऱ्या कॅपकॉमचा पॅच त्यानंतर, फेब्रुवारीत. चार वर्षं! पहिल्या दिवशी पूर्ण पैसे मोजणाऱ्यांनी काय करायचं? 'नंतर पॅच देऊ' ही सवयच घातक आहे.

सोळा_मिलिसेकंद
उशीर चूकच, पण काम किती अवघड आहे तेही बघा. सेकंदाला ६० फ्रेम, म्हणजे एका फ्रेमला जेमतेम १६.६७ मिलिसेकंद. तेवढ्यात जुनी स्थिती परत आणून मधल्या सगळ्या फ्रेम नव्याने चालवायच्या. 'ड्रॅगन बॉल फायटरझी' २०१८चा, त्याला रोलबॅक २०२४मध्ये मिळाला, तोही पीसी आणि नव्या कन्सोलवर. जुन्या पीएस४ कन्सोलवाले राहिलेच.

कोपऱ्यात_अडकलेला
हेच तर म्हणतोय. सुरुवातीपासून तशी बांधणी केली असती तर पीएस४वाले मागे पडले नसते. टोनी कॅनन यांचं जीजीपीओ हे रोलबॅकचं तयार सॉफ्टवेअर २०१९पासून सगळ्यांना मोफत खुलं आहे, आणि रोलबॅक त्याच्याही कितीतरी आधीपासून माहीत होता.

फ्रेमवेडा
नव्या गेमपुरतं मान्य, तिथे सबब चालू नये. पण जुन्यांचं काय? 'गिल्टी गिअर एक्सएक्स अॅक्सेंट कोअर प्लस आर' २०१२चा. २०२०मध्ये पीसीवर त्याला रोलबॅक मिळाला आणि ज्या गेममध्ये ऑनलाइन जोडीदार मिळणं मुश्किल होतं तिथे लोक परत आले. तो पॅच नसता तर मी त्या गेमला हातही लावला नसता.