आईची स्वतःची पेन्शन आणि वडिलांची फॅमिली पेन्शन: दोन्ही एकत्र मिळतात का?

नाशिकरोडकर

वडील रेल्वेतून ३० जून २०२२ ला वयाच्या ६०व्या वर्षी निवृत्त झाले. शेवटचं मूळ वेतन ६०,४००. पेन्शनचा ४० टक्के भाग एकरकमी पैशांच्या बदल्यात विकला होता. ११ ऑक्टोबर २०२५ ला ते गेले. त्यांची पेन्शन बँकेत जमा व्हायची. आई पोस्टातून निवृत्त आहे, तिची पेन्शन टपाल कार्यालयातूनच मिळते. मूळ २४,५००.

व्हॉट्सअ‍ॅपवर एकजण म्हणतो दोन्हींपैकी एकच निवडावी लागते, दुसरा म्हणतो दोन्ही मिळतात पण महागाई भत्ता एकावरच. शिवाय आईचं स्वतःचं उत्पन्न असल्याने ती 'अवलंबित' धरली जात नाही, असंही कानावर आलं. नेमकं काय, आणि किती? विकलेल्या पेन्शनची कपात आईच्या माथी येते का? कागद कुठे द्यायचे, तेही सांगा.

लेखाशाखा

दोन्ही मिळतात, दोन्ही पूर्ण मिळतात आणि दोन्हींवर महागाई भत्ता मिळतो.

आईंची पेन्शन हा त्यांच्या स्वतःच्या नोकरीचा हक्क. फॅमिली पेन्शन वडिलांच्या नोकरीतून आलेली. एकीमुळे दुसरीला कात्री लागत नाही. नवरा-बायको दोघं सरकारी नोकरीत असतील तर एकाच्या पश्चात दुसऱ्याला स्वतःचा पगार किंवा पेन्शन सांभाळून फॅमिली पेन्शन मिळते.

गैरसमज कुठून येतात तेही सांगतो, कारण खिडकीवर कुणी तोंडी नकार दिला तर उत्तर देता आलं पाहिजे. उत्पन्नाची अट आहे, पण ती मुलांना, अवलंबित आई-वडिलांना आणि दिव्यांग भावंडांना. विधवा पत्नीला किंवा विधुर पतीला ती लागू नाही. केंद्राच्या नियमात मुलांसाठी आणि आई-वडिलांसाठी ९,००० रुपये अधिक त्यावरचा महागाई भत्ता अशी मर्यादा आहे, तीच कुणीतरी बायकोला लावून मोकळं होतं. महागाई भत्त्याचा गोंधळ निवृत्तीनंतर पुन्हा नोकरीला लागलेल्यांच्या नियमातून आलाय. आईंचा त्याच्याशी संबंध नाही.

पंचवटी_पेन्शन

आकड्यांचं मी सांगतो. इथेच सगळे गडबडतात.

वडिलांची मूळ पेन्शन ६०,४०० च्या निम्मी, म्हणजे ३०,२००. साधी फॅमिली पेन्शन शेवटच्या मूळ वेतनाच्या ३० टक्के, म्हणजे १८,१२०. पण सुरुवातीचा काही काळ वाढीव दर असतो, ५० टक्के, म्हणजे ३०,२००. निवृत्तीनंतर मृत्यू झाला असेल तर हा वाढीव दर मृत्यूपासून ७ वर्षं किंवा ती व्यक्ती ६७ वर्षांची झाली असती तोपर्यंत, यातलं जे आधी येईल तिथपर्यंत. मृत्यू नोकरीत असताना झाला तर सरळ १० वर्षं.

तुमच्या हिशेबात ७ वर्षं ऑक्टोबर २०३२ ला भरतील, पण वडिलांची सदुसष्टी जून २०२९ च्या आसपास येते. म्हणून वाढीव दर १२ ऑक्टोबर २०२५ पासून त्यांच्या सदुसष्टीपर्यंत. नक्की तारीख पीपीओवर, म्हणजे पेन्शन मंजुरीच्या आदेशावर, छापलेली असते, दोन्ही दर आणि 'पर्यंत' ची तारीख तिथे वाचा.

आता विकलेल्या पेन्शनचं. ४० टक्के विकल्यावर वडिलांना मूळ ३०,२०० मधून १२,०८० वजा होऊन १८,१२० मिळत होते. हा आकडा साध्या फॅमिली पेन्शनइतकाच आहे ना? ५० टक्क्यांतून त्याचेच ४० टक्के काढले की ३० टक्केच उरतात, म्हणून. पासबुकात तोच आकडा दिसतो आणि घरच्यांना वाटतं की कपात अजून चालू आहे. तसं नाही. विकलेल्या भागाची कपात त्या माणसाबरोबर संपते, फॅमिली पेन्शनमधून एक रुपयाही कापत नाहीत.

त्यामुळे पुढच्या महिन्यापासून मूळ रक्कम १८,१२० वरून ३०,२०० वर जायला हवी. महागाई भत्ता वडील असतानाही पूर्ण ३०,२०० वर मिळत होता, तो तेवढाच राहील. २०२९ मध्ये साधा दर लागला की मूळ १८,१२० होईल आणि भत्ताही १८,१२० वरच मिळेल. म्हणजे वडील असतानाच्या रकमेशी तुलना केली तर मूळ तेच, पण भत्त्यात मोठा खड्डा. त्या महिन्यात बँकेत भांडायला जाऊ नका, ते बरोबर असेल. मात्र आता, सुरुवातीलाच, बँकेने चुकून १८,१२० लावले तर लगेच लेखी द्या. वाढीव दर लावायचा राहून जाणं ही नेहमीची चूक आहे.

लेखाशाखा

आता कागद. ताबडतोब करायचं काम म्हणजे बँकेला मृत्यूची लेखी खबर. वडिलांची पेन्शन मृत्यूच्या दिवसापर्यंतची, तो दिवस धरून, देय असते. दुसऱ्या दिवसापासून फॅमिली पेन्शन. खबर उशिरा दिली तर पूर्ण महिन्याची किंवा पुढच्या महिन्यांचीही पेन्शन जमा होते आणि कुणीतरी एटीएममधून काढून घेतं. ती जादा रक्कम नंतर वसूल होतेच, बहुतेकदा आईंच्या फॅमिली पेन्शनच्या थकबाकीतून. ते पैसे खात्यात तसेच राहू द्या. १ ते ११ ऑक्टोबरची पेन्शन मात्र तुमची आहे, ती परत जाता कामा नये.

पीपीओ जोडीच्या नावाने असेल, म्हणजे आईंचं नाव आणि दोघांचा फोटो त्यावर असेल, तर मंजुरीसाठी भुसावळला रेल्वेच्या मंडल कार्यालयात फाइल पाठवायची गरज नसते. बँकच सुरू करते. लागतं ते एवढंच: साधा अर्ज, मृत्यूचा दाखला, पीपीओची पत्नीकडची प्रत, आईंचं आधार आणि पॅन, आणि जादा रक्कम मिळाल्यास परत करण्याचं हमीपत्र. पेन्शनचं खातं दोघांचं संयुक्त असेल तर नवीन खातं उघडा म्हणून सांगता येत नाही, त्याच खात्यात फॅमिली पेन्शन घेता येते. खातं एकट्या वडिलांचं असेल तर आईंचं वेगळं लागेल.

शाखेत दिलेला अर्ज तिथे मंजूर होत नाही, तो बँकेच्या केंद्रीय पेन्शन विभागात जातो. म्हणून दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि सही घ्या. महिनाभराने विचारायला गेलात की तोच कागद कामाला येतो.

आईंच्या पोस्टातल्या पेन्शनला हात लावायचा नाही. ती आहे तिथे, आहे तशी चालू राहील.

नाशिकरोडकर

खूप आभार. दोन शंका उरल्या. अर्जात 'इतर कोणती पेन्शन मिळते का' असा रकाना आहे, तिथे 'हो' लिहिलं तर अडेल का? आणि पोस्टात टीडीएसचा हिशेब होतो, मग बँकेतल्या रकमेचा कर कोण भरणार?

पंचवटी_पेन्शन

'हो' लिहा आणि पोस्टाचा पीपीओ क्रमांकही टाका. हक्क असताना लपवण्यात काही मिळत नाही, उलट पुढे माहिती जुळली नाही की खुलासे द्यावे लागतात.

करसल्ला_गंगापूररोड

कराच्या बाबतीत दोन्ही पेन्शन वेगवेगळ्या रकान्यात जातात. स्वतःची पेन्शन 'पगार' या शीर्षाखाली. तिला प्रमाणित वजावट मिळते, नव्या करप्रणालीत ७५,०००, जुन्यात ५०,०००. फॅमिली पेन्शन 'इतर उत्पन्न' मध्ये. तिच्यातून एक तृतीयांश किंवा २५,००० यातलं कमी ते वजा, जुन्या प्रणालीत २५,००० ऐवजी १५,०००. दोन्ही वजावटी एकाच वर्षी घेता येतात, कारण उत्पन्नं वेगळी आहेत. लोक मात्र दोन्ही रकमा पगारात एकत्र लिहितात आणि दुसरी वजावट गमावतात.

फॅमिली पेन्शनवर बँक टीडीएस कापत नाही. म्हणजे ती करमुक्त आहे असं नव्हे. पोस्ट फक्त त्यांनी दिलेल्या पेन्शनवर हिशेब करतं, बँकेची रक्कम त्यांना माहीत नसते. दोन्ही बेरजा आणि ठेवींचं व्याज धरून विवरणपत्र भरायचं, उरलेला कर ते भरण्याआधी जमा करायचा. आईंचं वय ६० पूर्ण असेल आणि धंद्याचं उत्पन्न नसेल तर आगाऊ कर भरण्याची सक्ती नाही. तुमच्या आकड्यांवरून २०२५-२६ साठी नव्या प्रणालीत करपात्र उत्पन्न १२ लाखांच्या आत राहील असं दिसतं, मग सवलतीमुळे कर शून्य. तरी विवरणपत्र भराच.

वडिलांचं त्या वर्षीचं, १ एप्रिल ते ११ ऑक्टोबरचं, विवरणपत्रही राहू देऊ नका. त्यासाठी पोर्टलवर आईंची कायदेशीर वारस म्हणून नोंद करावी लागते.

देवळाली_कॅम्प

धागा वाचणाऱ्या इथल्या फौजी कुटुंबांसाठी एक भर. लष्करातून निवृत्त होऊन पुढे सरकारी नोकरी केलेल्या माणसाच्या पश्चात पूर्वी लष्कराची किंवा नागरी अशी एकच फॅमिली पेन्शन मिळायची, तेव्हा 'एक निवडा' हे खरं होतं. २४ सप्टेंबर २०१२ पासून दोन्ही मिळतात. मृत्यू त्याआधीचा असला तरी दुसरी मागता येते, लाभ मात्र त्या तारखेपासून. अजूनही एकाच पेन्शनवर भागवणाऱ्या म्हाताऱ्या बायका आहेत, त्यांना कुणी सांगितलेलंच नसतं. शेजारीपाजारी असं कुणी असेल तर जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात घेऊन जा.

सातपूर_एमआयडीसी

नवरा सरकारी आणि बायको कारखान्यात, अशीही बरीच घरं आहेत. बायकोची स्वतःची ईपीएस-९५ (भविष्य निधीच्या योजनेतली) पेन्शन आणि नवऱ्याची सरकारी फॅमिली पेन्शन, दोन्ही चालतात. उलट, दोघंही ईपीएसमध्ये असतील तर पेन्शन सुरू झाल्यावर गेलेल्या सभासदाच्या पेन्शनच्या निम्मी रक्कम विधवेला किंवा विधुराला, किमान १,००० रुपये. स्वतःची वेगळी. हे काम सातपूरच्या भविष्य निधी कार्यालयाचं, कोषागाराचं नव्हे. तिथे महागाई भत्ता मात्र नसतो.

लेखाशाखा

राज्य सरकारच्या पेन्शनचा रस्ता वेगळा आहे, तो गाळायला नको. नाशिक विभागाचे पीपीओ मुंबईच्या महालेखापालांकडून येतात आणि पैसे जिल्हा कोषागारातून. म्हणून खबर आणि अर्ज कोषागारात, नुसता बँकेत देऊन भागत नाही. हयातीच्या दाखल्यासाठी नोव्हेंबरमध्ये बँकेत यादी येते, आपल्या नावापुढे सही करायची. आईची राज्याची आणि वडिलांची केंद्राची, किंवा उलट, असली तरी दोन्ही मिळतात.

हयातीच्या दाखल्यातच दोन पेन्शनवाले सर्वात जास्त अडकतात. पीपीओ दोन तर दाखले दोन. पोस्टासाठी 'जीवन प्रमाण' (हयातीचा डिजिटल दाखला) केलं म्हणजे बँकेचं झालं, असं होत नाही. अ‍ॅपमध्ये एकदा पोस्टाचा पीपीओ, प्रकार 'सेवा', पैसे देणारं टपाल कार्यालय. मग पुन्हा पहिल्यापासून, रेल्वेचा पीपीओ, प्रकार 'फॅमिली', पैसे देणारी बँक आणि तिथला खाते क्रमांक. दुसऱ्या वेळी प्रकार 'सेवा' च राहिला तर दाखला नाकारला जातो. फॅमिलीच्या वेळी पुनर्विवाहाचा प्रश्न येतो, तिथे 'नाही'. मोबाइलवर प्रमाण क्रमांक आला म्हणजे दाखला तयार झाला एवढंच. बँकेने स्वीकारला का, ते त्याच क्रमांकाने आठवड्याभरात पाहा.

बोटांचे ठसे झिजलेले असतील तर चेहऱ्याने करा. खिडकीकडे तोंड करून बसवा, उजेड चेहऱ्यावर हवा, पाठीमागे नको. चष्मा काढा, आणि अ‍ॅप सांगेल तेव्हा पापणी मिटायला लावा. घरी जमत नसेल तर पोस्टमन ७० रुपयांत दारात येऊन करून देतो. ८० च्या पुढचे १ ऑक्टोबरपासून देऊ शकतात, बाकीचे नोव्हेंबरात.

नाशिकरोडकर

पीपीओ काढून पाहिला. ५० आणि ३० टक्के दोन्ही आकडे आहेत, पण आईच्या जन्मतारखेची जागा कोरी आहे. फॅमिली पेन्शन त्यामुळे अडेल का?

पंचवटी_पेन्शन

आत्ता अडणार नाही, पण दुरुस्ती आत्ताच करून घ्या. ८० पूर्ण झाल्यावर मूळ पेन्शनवर २० टक्के वाढ मिळते, ८५ ला ३०, ९० ला ४०, ९५ ला ५० आणि १०० ला १०० टक्के. वय आईंचंच धरतात, आणि त्यांच्या स्वतःच्या पेन्शनवर तसंच फॅमिली पेन्शनवरही ही वाढ लागते. पोस्टाकडे तारीख आहे म्हणून तिथे आपोआप लागेल, रेल्वेच्या पीपीओत कोरी असल्याने बँकेत लागणार नाही.

बँक स्वतः ही तारीख भरू शकत नाही. पीपीओ ज्यांनी काढला त्या भुसावळ मंडलाच्या कार्मिक विभागाला अर्ज द्या, सोबत पॅन, आधार, पासपोर्ट किंवा शाळा सोडल्याचा दाखला, आणि पीपीओची झेरॉक्स. तिथून सुधारित आदेश बँकेला जातो. पाठवण्याआधी नाव नीट पाहा. पीपीओवर माहेरचं नाव किंवा घरात रूढ असलेलं नाव आणि आधारवर दुसरंच, असं असेल तर तेही याच अर्जात मागून घ्या, दोनदा फेरा नको.

नाशिकरोडकर

आधारवर 'सुमन', पीपीओवर 'सुमनबाई' आहे. दोन्ही एकाच अर्जात टाकतो आणि उद्या बँकेत मृत्यूचा दाखला देऊन शिक्का घेतो.