रीमा लागूंवर तासाभराचा कार्यक्रम : कोणते प्रसंग, कोणत्या क्रमाने?

शनिवारसंध्याकाळ

गावातल्या फिल्म क्लबमध्ये रीमा लागूंवर एक तासाचा कार्यक्रम ठरला आहे. मोठ्या पडद्यावर प्रसंग दाखवायचे आणि मधेमधे बोलायचं, असं स्वरूप. प्रेक्षक चाळीसेक, त्यातले निम्मे विशीतले. पहिली यादी केली तर तिच्यात नुसत्या आयाच निघाल्या: 'मैंने प्यार किया', 'साजन', 'कुछ कुछ होता है', 'कल हो ना हो', 'वास्तव'. नाटकाचं काही नाही, मालिकाही एकच. क्रम कसा लावावा? नाटक कसं आणावं? जुन्या मालिकांची चित्रं पडद्यावर फताडी आणि रेघारेघांची दिसतात, त्यावर उपाय काय? आणि परिचयात हमखास होणाऱ्या चुका असतील तर त्याही सांगा.

तिसरीघंटा

परिचयापासूनच सुरू करते, कारण चुकीचा मजकूर बराच फिरतो आहे.

जन्म 21 जून 1958. जन्मनाव नयन भडभडे. 2017 मधल्या अनेक इंग्रजी मृत्युलेखांत 'गुरिंदर' असं नाव छापून आलं, ते उचलू नका. आई मंदाकिनी भडभडे स्वतः रंगभूमीवरच्या अभिनेत्री, 'लेकुरे उदंड जाली'मधल्या. शाळा पुण्याची हुजूरपागा. 'लागू' हे आडनाव अभिनेते विवेक लागू यांच्याशी झालेल्या लग्नामुळे आलं. डॉ. श्रीराम लागूंच्या त्या मुलगीही नव्हेत आणि सूनही नव्हेत. जब्बार पटेलांच्या 'सिंहासन'मध्ये (1979) दोघेही आहेत, त्यामुळे हा गैरसमज आणखी घट्ट होतो. निधन 18 मे 2017, मुंबईत, हृदयविकाराने. वय 58. काही ठिकाणी 59 लिहिलेलं दिसतं, पण वाढदिवसाला महिना बाकी होता.

एक गोष्ट परिचयात जरूर घ्या. 1979 पासून साधारण 10 वर्षं त्या युनियन बँकेत नोकरीला होत्या. श्याम बेनेगलांचा 'कलयुग' (1981), रंगमंचावरचं 'पुरुष', दूरदर्शनची 'खानदान' (1985) ही कामं नोकरी सांभाळून झालेली आहेत. 'कयामत से कयामत तक' (1988) येईपर्यंत मराठी नाट्यप्रेक्षक त्यांना नीट ओळखत होता, हिंदी प्रेक्षकासाठी मात्र त्या नव्या होत्या. तुमच्या यादीत सगळ्या आयाच का आल्या याचं उत्तर इथे आहे: तुम्ही यादी हिंदी पडद्यापासून सुरू केलीत.

'हम आपके हैं कौन' (1994) घेतलात तर त्यात त्या सलमानच्या आई नाहीत, हे ध्यानात ठेवा. माधुरी आणि रेणुका शहाणे यांच्या आई, म्हणजे मुलीकडच्या. निवेदनात इथे भल्याभल्यांची चूक होते.

वयाची एक पाटी बनवा. संजय दत्त (जुलै 1959) रीमाताईंपेक्षा एका वर्षाने लहान. 'गुमराह'मध्ये (1993) मुलगी झालेली श्रीदेवी (ऑगस्ट 1963) पाच वर्षांनी. सलमान (डिसेंबर 1965) साडेसात वर्षांनी. माधुरी आणि सुप्रिया पिळगांवकर (दोघी 1967) नऊ वर्षांनी. ही पाटी सुरुवातीला लावू नका. आधी आकडे सांगितले की प्रेक्षक पुढचा तासभर मेकअपच तपासत बसतो. 'मैंने प्यार किया'चा प्रसंग झाल्यावर दाखवा: चित्रपट 29 डिसेंबर 1989 चा, आई 31 वर्षांची आणि मुलाने दोनच दिवसांपूर्वी 24 पूर्ण केलेली.

मागचीरांग

क्रमाबद्दल. सालवारीने जाऊ नका. तसं गेलात की पहिली वीस मिनिटं छोट्या भूमिकांत जातात आणि विशीतला प्रेक्षक मोबाइल काढतो.

माझी मांडणी अशी. सुरुवात 'वास्तव'ने, तीन मिनिटं. चित्रपटाची सुरुवातच समुद्रकिनाऱ्यावरच्या श्राद्धाने होते, आजी नातवाला त्याच्या बापाबद्दल सांगू लागते. तिथेच तोडा. मग 'सिंहासन' चार मिनिटं, 'श्रीमान श्रीमती' सहा, 'पुरुष'चं वाचन पाच, 'मैंने प्यार किया' पाच, 'तू तू मैं मैं' सहा, 'हम साथ-साथ हैं' पाच आणि शेवट पुन्हा 'वास्तव', पाच मिनिटं. एकूण 39. बोलायला 21 मिनिटं उरतात, ती पुरेशी आहेत.

'हम साथ-साथ हैं' आणि 'वास्तव' लागोपाठ ठेवण्याचं कारण सांगतो. 'वास्तव' ऑक्टोबर 1999 चा, 'हम साथ-साथ हैं' नोव्हेंबर 1999 चा. दोन्हींमध्ये आईच, पण माणूस पार वेगळा. 'हम साथ-साथ हैं'मधली ममता श्रीमंत घरातली. मुलीच्या सासरी भावाभावांत फाटाफूट होते आणि हिचं मन सावत्र मुलाविरुद्ध फिरतं. ही बाई खलनायिका होण्याची पूर्ण सोय पटकथेत आहे. रीमाताई तिला भ्यालेली ठेवतात. वाटणी मागते ती लोभाने नव्हे, धास्तीने. आणि 'वास्तव'मधली शांता चाळीतली, निवृत्त होत आलेल्या नवऱ्याची बायको. तिचा गुंड झालेला मुलगा रघू अंगावर सोनं घालून घरी येतो त्या प्रसंगात कॅमेरा संजय दत्तवर असला तरी तुम्ही तिच्याकडे बघा. मुलगा घरी आल्याचा आनंद आणि त्या सोन्याची किळस, दोन्ही एकाच वेळी चेहऱ्यावर आहेत. शेवटी तोच मुलगा मुक्ती मागतो आणि ती गोळी झाडते. ती गोळी खरी वाटते, कारण त्याआधी दीड-दोन तास या बाईने एकदाही मोठी वाक्यं फेकलेली नाहीत. सुरुवातीचा किनाऱ्यावरचा आवाज आणि शेवटचा आवाज एकाच कार्यक्रमात ऐकवलेत की प्रेक्षकाला वेगळं काही समजवावं लागत नाही.

फिल्मफेअरच्या सहायक अभिनेत्रीच्या यादीत त्यांचं नाव चार वेळा आलं: 'मैंने प्यार किया', 'आशिकी', 'हम आपके हैं कौन', 'वास्तव'. पुरस्काराची बाहुली एकदाही मिळाली नाही. हे एका वाक्यात सांगा, त्यावर रेंगाळू नका.

तिसरीघंटा

'पुरुष'बद्दल. जयवंत दळवींचं नाटक, दिग्दर्शन विजया मेहता, नाना पाटेकर गुलाबराव आणि रीमाताई अंबिका. छापील पुस्तक वाचनालयात मिळतं. अंबिका आणि गुलाबराव यांच्यातला एक प्रवेश निवडा, दोन वाचक खुर्च्यांवर बसवा आणि सरळ वाचायला सांगा. हातवारे नकोत, नानांची नक्कल तर मुळीच नको. ती सुरू झाली की सभागृह हसतं आणि प्रवेश मेला. विषय बलात्काराचा आहे, त्यामुळे वाचनाआधी तशी सूचना द्या. वेळ उरला तर 'सविता दामोदर परांजपे' आणि 'घर तिघांचं हवं' यांचाही उल्लेख करा.

हे वाचन 'श्रीमान श्रीमती'नंतर ठेवलं आहे ते योग्यच. कोकिळा कुलकर्णी ही नोकरी करणारी, घर आणि नवरा दोन्ही ताळ्यावर ठेवणारी बाई. जतिन कनाकिया समोर उड्या मारत असतात आणि या बहुतेक वेळ स्थिर. हशा कनाकियांच्या वाक्यावर येतो, पण तो पुरा होतो यांच्या थांबण्याने. वाक्य पडलं, या अर्धा क्षण बघत राहिल्या, मग उत्तर. हा थांबा रंगमंचावरून आलेला आहे. 'तू तू मैं मैं'मधली त्यांची सासू देवकी याच्या उलट: तिथे समोर सुप्रिया पिळगांवकर तोडीस तोड, त्यामुळे वाक्यावर वाक्य चढतं. दोन्ही मालिका लागोपाठ लावल्यात तर फरक विनोदाच्या गदारोळात हरवेल, मधे अंतर हवंच.

चित्रफीत

फताडे चेहरे आणि रेघा यांची कारणं वेगवेगळी आहेत.

त्या काळच्या मालिका 4:3 मापात आहेत. इंटरनेटवर चढवताना कुणीतरी त्या 16:9 मध्ये ताणलेल्या असतात, म्हणजे रुंदी तिसऱ्या हिश्श्याने वाढलेली. व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये इंग्रजी 'ए'ची कळ दाबत राहा, 4:3 आलं की थांबा. 1920 बाय 1080 च्या पडद्यावर चित्र 1440 रुंद दिसलं पाहिजे, दोन्ही बाजूंना 240 पिक्सेलच्या काळ्या पट्ट्या. या पट्ट्या भरण्यासाठी चित्र मोठं करू नका, वरून कपाळ आणि खालून हात कापले जातात. आणि वर तिसरीघंटा यांनी सांगितलेला तो थांबा हातांतही आहे.

कडांना कंगव्यासारख्या रेघा दिसतात, कारण जुन्या व्हिडिओत प्रत्येक चौकट दोन अर्ध्या भागांत साठवलेली असते. मान हलली की दोन्ही भाग एकमेकांवर बसत नाहीत. 'डी' कळ दाबून डीइंटरलेस चालू करा, प्रकार 'याडिफ' निवडा. तरीही रेघा राहिल्या तर त्या चित्रात कायमच्या भाजल्या गेल्या आहेत. दुसरी प्रत शोधा, फिल्टर लावून वेळ घालवू नका.

आवाजात सर्वांत जास्त फसगत होते. सगळ्या फिती उणे 23 लफ्सला (लफ्स म्हणजे आवाजाच्या सरासरी पातळीचं माप) आणल्या तरी मालिकांमधले संवाद बारीक ऐकू येतील, कारण मुद्रित हशा मोठा असतो आणि सरासरी तोच वर ओढतो. मालिकांच्या फिती त्यानंतर हाताने 2 ते 3 डेसिबल चढवा आणि मागच्या रांगेत बसून ऐका.

शनिवारसंध्याकाळ

सगळ्यांचे मनापासून आभार. मालिकांना सहा-सहा मिनिटं जास्त होतील का? दोन मिनिटांचे तुकडे केले तर? आणि परवानगीचं काय?

मागचीरांग

दोन मिनिटांत फक्त शेवटची कोटी राहते. 'श्रीमान श्रीमती'त गैरसमज आधी रचला जातो, मग कोकिळा आत येते. रचणं कापलंत तर तिच्या नुसत्या बघण्याला काही अर्थ उरत नाही. वेळ काढायचाच असेल तर 'सिंहासन' तीन मिनिटांवर आणा.

चित्रफीत

कॉपीराइट कायदा 1957, कलम 52 मध्ये समीक्षेसाठी उचित वापराची मुभा आहे, पण ती टीका-विवेचनासोबतच्या तुकड्यांना. अख्खा भाग किंवा अख्खा चित्रपट लावायचा तर हक्कधारकाची परवानगी हवी. तिकीट ठेवणार असाल तर आधी वकिलाला विचारा.

आणि शेवटच्या 'वास्तव'च्या फितीला मागे 10 सेकंदांचा काळा पडदा जोडून घ्या. नाहीतर गोळीचा आवाज विरायच्या आत पडद्यावर प्लेअरच्या फायलींची यादी येते. दिवे कुणी लावायचे तेही आधीच ठरवा, आणि ते काळा पडदा संपल्यावरच लावायला सांगा.